जिरं-गूळ

नरसापूर
१४ ऑक्टोबर १९९६

बावा,

तुझं पत्र मिळालं. स्वतःची तब्येत एका ओळीत, आणि 'मुलगी बघण्याचे प्रसंग तपशीलवार लिही, आमच्या पिक्चरला हवेत' हे साडेतीन पानांत! तुझी आई विचारत होती, काय लिहितोय माझा फणी? मी सांगितलं, आत्या, तुझ्या गुडघ्यांची चौकशी करतोय. तुझ्यापायी देवासारख्या बाईशी खोटं बोलायला लागतं.

घे तुझा तपशील. परवा तिसरा येऊन गेला. भीमवरमचा, कोळंबीच्या कंपनीत आहे. माणसं अकरा. मला आधी चालायला लावलं, लंगडते का ते बघायला. मग पेपरातली बातमी वाचायला दिली, डोळे तपासायला. मग मुलाच्या आईने 'फुलं किती छान माळलीत गं' म्हणत वेणीला असा हिसका दिला की माझी मानच मागे गेली. वेणी खरी निघाली. बाईंचा चेहरा जरा पडलाच म्हण ना!

मुलाने एकच विचारलं, "सिनेमे बघता का?"

मी म्हटलं, "बघते तर. माझा बावा लिहितो ना सिनेमे. आत्याचा मुलगा."

झालं! मुलाच्या काकांनी अर्धी खाल्लेली पूतरेकूची गोड घडी ताटलीत ठेवली. नान्ना, म्हणजे माझे जन्मदाते आणि तुझे लाडके मामा, खोकत सुटले. वयात आलेला आत्याचा मुलगा असताना मुलगी बाहेर का देताय, हे कुणी विचारलं नाही, पण सगळ्यांच्या तोंडावर तेच. काल निरोप आला, पत्रिका जुळत नाही. तिन्ही वेळा मी हेच उत्तर दिलं आणि तिन्ही वेळा पत्रिका जुळली नाही. नान्नांना अजून उमज पडलेली नाही. तुला पडते का बघ.

दिवाळीला येतोस ना?

सुवर्चला


कृष्णानगर, हैदराबाद
२५ ऑक्टोबर १९९६

सुवर्चला,

वेणीचा हिसका! अगं, काय लिहितेस! आज तो प्रसंग डायरेक्टरांना वाचून दाखवला. खुर्चीत बसून हसता येईना म्हणून उभे राहून हसले. आमचे मोठे लेखक दुपारी झोपतात, त्यामुळे लिहितो मीच. डायरेक्टरांनी विचारलं, हे सुचतं कुठून? मी म्हटलं, सुचतं.

गोष्ट तुला सांगतो, कुणाला बोलू नकोस. बावा आणि त्याच्या मामाची मुलगी. लहानपणापासून सगळं गाव ह्यांची जोडी लावतं. मग मामाचं बिनसतं, तो मुलीला स्थळं बघू लागतो. शेवटी बावा येतो आणि भर मांडवातून तिला घेऊन जातो. आपलं नाही हं हे! आमचा हिरो जमीनदाराचा मुलगा आहे, घोड्यावर बसतो. मला सायकलवर चक्कर येते, ते तुला ठाऊकच आहे.

दिवाळीला जमणार नाही. आणि खरं सांगू का? बँकेची नोकरी सोडली तेव्हा मामांनी चार माणसांसमोर मला 'नाटक्या' म्हटलं, ते अजून कानातून जात नाही. माझं नाव पडद्यावर येऊ दे, जाड अक्षरात. मामा पुढच्या रांगेत बसलेले असू देत. मग ताठ मानेनं येईन.

तोवर आणखी प्रसंग पाठव. चौथा कधी येतोय?

तुझा बावा,
फणींद्र


नरसापूर
२६ नोव्हेंबर १९९६

बावा,

आलास नाहीच. तुझे अनारसे आत्याने आठ दिवस डब्यात जपले, मग शेजारच्या पोरींना वाटले.

चौथा काल आला. पालकोल्लूचा चंद्रमौळी, गुरांचा डॉक्टर. मी कॉफीचा ट्रे घेऊन बाहेर आले तर हा माझ्याकडे बघतच नाही, कान मागच्या अंगणाकडे. "गाय कधीपासून खोकतेय?" म्हणाला आणि उठला की! गायीपाशी उकिडवा बसला, गळ्याला हात लावला, तोंड उघडून आत बघितलं. विहिरीवर हात धुऊन परत आला तर पायाला शेण. त्याच्या आईने कपाळावर हात मारला. मला हसू आवरेना, ट्रेमधल्या कपांनी चुगली केली.

मग आम्हाला गच्चीवर पाठवलं, दहा मिनिटं. खाली सगळे माना वर करून. मी माझं ठरलेलं वाक्य टाकलं, माझा बावा सिनेमात लिहितो. हा म्हणतो, "असं सगळ्यांना सांगता, की मलाच?"

मी कठड्यावरचा चुना नखाने खरवडायला लागले.

तो म्हणाला, "तुम्हाला तिकडेच जायचंय का?"

बावा, हे मला आजवर कुणी विचारलं नव्हतं. नान्नांनी नाही, आत्याने नाही, तू तर नाहीच. माझ्या तोंडून हो निघालं नाही, नाही पण निघालं नाही. तो म्हणाला, "हे बघा, मार्गशीर्षात माझी लसीकरणाची शिबिरं आहेत. पुढे पौष, पौषात कुणी बोलणी करत नाही. म्हणजे माघापर्यंत वेळ आहे. तोवर तुमचं तिकडे ठरलं तर मला एक कार्ड टाका. मुलगी मला पसंत नाही असं मी घरी सांगेन. बोल लागला तर मला लागू दे, तुम्हाला नको."

आता पुढचं नीट वाच. ते गेल्यावर आत्या नान्नांकडे रडली. मी जिन्यात उभी राहून ऐकलं. नान्ना म्हणाले, "फणीने एकदा इथे यावं, माझ्यासमोर बसावं आणि तोंडाने विचारावं. मी नाही म्हणणार नाही. पण त्याला बोलवायला मी जाणार नाही."

एवढंच करायचंय तुला. गाडीत बसायचं, उतरायचं, विचारायचं.

बावा, हा प्रसंग नाही. हे पत्र आहे.

सुवर्चला


हैदराबाद
७ डिसेंबर १९९६

सुवर्चला,

पत्र आहे हे कबूल, पण काय प्रसंग आहे गं! 'बोल मला लागू दे!' डायरेक्टरांनी ते मला पुन्हा वाचायला लावलं. मग म्हणाले, फणी, हाच आपला इंटर्व्हल. गुरांच्या डॉक्टरला आम्ही विनोदी केलंय. गळ्यात घंटा, खिशात थर्मामीटर, मुलगी बघायला आला की आधी म्हशीलाच नमस्कार घालतो. लोक पोट धरून हसणार.

मामांचं ऐकून बरं वाटलं. नाही, खरंच वाटलं. पण तूच सांग, समोर बसून मागितलेली मुलगी आणि जिंकून आणलेली मुलगी, फरक नाही का? पानसुपारीच्या बैठकीला हिरो आलेला पाहिलायस कधी? तो येतो मंगळसूत्राच्या तीन गाठींपैकी तिसरी बसायच्या आधी. शिट्ट्या तेव्हाच पडतात.

आणि तू त्या डॉक्टरचं एवढं कौतुक कशासाठी करतेस ते मला कळत नाही असं समजू नकोस हं. हिरोइनने दुसऱ्याचं कौतुक केलं की समजायचं, ती हिरोला डिवचतेय. अशा शंभर नायिका मी लिहून बसलोय!

भिऊ नकोस. मी आहे ना.

फणी


नरसापूर
१६ डिसेंबर १९९६

बावा,

तुझं पत्र फाडलं. मग तुकडे जुळवून पुन्हा वाचलं, म्हटलं एखादी ओळ माझ्यासाठी असेल. 'भिऊ नकोस' सापडली. मी भीत नाहीये रे, मी वाट बघतेय.

कसल्या शिट्ट्या आणि कसलं पब्लिक? इथे मी आहे, आत्या आहे, नान्ना आहेत आणि एक गाय आहे. गाय बरी झाली. ज्याला तू घंटा बांधलीस त्याने बरी केली. दोनदा सायकलने येऊन औषध देऊन गेला, माझ्याकडे मान वर करून बघितलंसुद्धा नाही. त्याला पिक्चरमधून काढ. माझी वेणी घे, भीमवरमच्या बाई घे, हवं तर नान्नांचा खोकला घे. त्याने जे दिलं ते मला दिलं होतं, तुझ्या डायरेक्टरला नाही.

कौतुक मी डिवचायला केलं नव्हतं. चांगला वाटला म्हणून चांगला लिहिला.

आता तू कधी विचारणार नाहीस म्हणून मीच लिहिते. मला तुझ्याशी लग्न करायचंय. सातवीत असताना तू मला पेरूच्या झाडावरून ढकललंस तेव्हापासून. एकदा खोडलं, मग पुन्हा लिहिलं.

ते लोक माघातल्या पहिल्या रविवारी, नऊ फेब्रुवारीला, तांबूल घेऊन येणार. नान्नांनी एकदा ते पान हातात घेतलं की त्यांचा शब्द दिला गेला, आणि त्यांचा शब्द मी मोडणार नाही. मांडवात तर नाहीच नाही. तिसरी गाठ वगैरे डोक्यातून काढ. संक्रांतीला आखाती देशात गेलेली माणसंसुद्धा घरी येतात, तू हैदराबादेहून ये. पौषात बोलणी होत नसतील, पण मामासमोर बसून विचारायला पौष आडवा येत नाही.

सुवर्चला


२० जानेवारी १९९७

सुवर्चला, संक्रांतीला निघणारच होतो, पण शूटिंगसाठी अराकूला यावं लागलं. डायरेक्टर सोडत नाहीत. तुझं पत्र रोज वाचतो. मी येणार. कधी, ते विचारू नकोस, सांगितलं तर मजा जाईल. माझ्यावर विश्वास आहे ना? आईला नमस्कार.
— फणी


नरसापूर
१० फेब्रुवारी १९९७

बावा,

असलं कुणी उघड्या कार्डावर लिहितं का? पोस्टमनने वाचलं, त्याच्या बायकोने वाचलं, मग मला मिळालं. आता भेटेल तो विचारतो, "काय, बावा कधी येतोय?"

काल तांबूल झालं.

आत्या गुरुवारपासून रोज स्टेशनवर जात होती. रविवारीही सकाळची हैदराबादची गाडी रिकामी होईपर्यंत थांबली. नान्ना ओसरीवर बसलेले, पालकोल्लूची माणसं समोर, पानाचं तबक मध्ये. नान्ना तबकाला हात लावेनात. कधी चष्मा पुसत, कधी पाणी मागत. ते तुझी वाट बघत होते रे. चार वर्षं तुझं नाव न घेणारा माणूस!

मग आत्या आली. एका हातात छत्री, दुसऱ्या हातात तुझ्यासाठी नेलेला इडलीचा डबा. चपला न काढता तशीच आत आली आणि म्हणाली, "दादा, पान घे."

चंद्रमौळीला कार्ड टाकलं का, असं तुला वाटत असेल. एकदा लिहायला घेतलं होतं. 'तिकडे ठरलं' असं लिहायचं होतं, पण ठरलं होतं कुठे? माझ्या एकटीचं ठरून काय उपयोग! दोन दिवस ते कोरं कार्ड उशाखाली होतं. मग त्यावर दुधाचा हिशेब लिहिला.

लग्न चौदा मार्चला, शुक्रवारी सकाळी. मुहूर्त नऊ बेचाळीसचा. पत्रिका सोबत आहे. आता येऊ नकोस. यायचंच असेल तर मामाच्या घरचं कार्य म्हणून ये, पंगतीला बस, आत्याला घेऊन बस.

ह्यापुढे प्रसंग पाठवणार नाही.

सुवर्चला


हैदराबाद
१९ मार्च १९९७

सुवर्चला,

काय म्हणून लिहू, हेच कळत नाही. पण एकदा खरं लिहून टाकतो.

मी अराकूला गेलोच नव्हतो. संक्रांतीला युनिटला सुट्टी होती. बॅग भरली, सिकंदराबाद स्टेशनवर गेलो, गाडी सुटेपर्यंत बाकावर बसून राहिलो आणि परत आलो. मामा नाही म्हणतील ही भीती नव्हती. हो म्हणाले तर? ही होती. हो म्हणाल्यावर पुढे काय बोलायचं, तुला कुठे न्यायचं, ह्या एका खोलीत, जिथे आम्ही तिघं लेखक आळीपाळीने जमिनीवर झोपतो? हिरोला हे कुणी विचारत नाही. गर्दीत ओरडायला सोपं गं, समोर बसून विचारायला छाती लागते.

चौदा तारखेला मी आलो होतो, हे तू पाहिलंसच. पण कधी आलो होतो ते तुला माहीत नाही. सकाळी सातच्या गाडीने उतरलो. नवा पांढरा शर्ट घातला. मंडपासमोरच्या हॉटेलात जाऊन बसलो, खिशात तुझी पत्रिका. नऊपासून तिथेच होतो, सुवर्चला! रस्ता ओलांडायचा बाकी होता. मनात सगळं पाठ, मंगळसूत्र हातात घेतलं की आत शिरायचं, 'थांबा' म्हणायचं. मंडपातून पहिल्यांदा जोराचे ढोल वाजले. मी स्वतःशी म्हटलं, हे जिरं-गुळाचं, गाठी बांधायला अजून अर्धा तास आहे. आणि मुगाच्या डोशाचा, पेसरट्टूचा, दुसरा मागवला.

दुसरा पेसरट्टू मागवला गं मी!

मग उठलो, रस्ता ओलांडून मांडवात शिरलो. लोकांनी वाटही दिली. मंगळसूत्राचं तबक हात लावून आशीर्वाद घ्यायला पाहुण्यांतून फिरत होतं, ते नेमकं माझ्यासमोर आलं. मी तोंड उघडलं आणि तू वर बघितलंस. तुझ्या डोक्यावर जिरं-गूळ होतं. त्याच्याही होतं. डोक्यावरच्या विड्याच्या पानातून त्या लगद्याचा एक ओघळ तुझ्या कपाळावर आला होता आणि तू तो पुसत नव्हतीस.

तेव्हा मला आजी आठवली. आपल्या दोघांची. ती काय म्हणायची? "अंतरपाट धरला, एकमेकांच्या डोक्यावर जिरं-गूळ ठेवलं की लग्न लागलं. मंगळसूत्र काय, मागाहूनचं सोनाराचं काम." जन्मभर ऐकलेली गोष्ट! शंभर लग्नं जेवलो. पण चार वर्षांत पडद्यावरच्या एवढ्या गाठी लिहिल्या की खरं लग्न कुठे लागतं हेच विसरलो. तू माझ्या डोळ्यांदेखत दुसऱ्याची झालीस तेव्हा मी चटणी मागत होतो.

तबकाला हात लावला. पुढच्या माणसाकडे दिलं. पंगतीत आईशेजारी बसलो. तिने विचारलं, "कधी आलास?" मी म्हटलं, "आत्ताच."

बैल गेला आणि झोपा केला. माफ कर, असं म्हणायचासुद्धा मला हक्क नाही.

फणींद्र


नरसापूर
२० जुलै १९९७

बावा,

चार महिने उत्तर दिलं नाही. राग होता. नाही असं कशाला म्हणू? हॉटेलातलं वाचून मी न्हाणीघरात जाऊन रडले आणि बाहेर येऊन सासूबाईंना सांगितलं, कांदा चिरत होते. त्या म्हणाल्या, न्हाणीघरात? पण पुढे काही विचारलं नाही. चांगल्या आहेत.

सध्या आषाढ, म्हणून माहेरी आहे. नव्या जावयाने आषाढात सासुरवाडीचा उंबरा ओलांडायचा नाही, तुला ठाऊकच आहे. तर आमचे डॉक्टर काय करतात? पालकोल्लूहून स्कूटरवर येतात आणि थिएटरच्या दारात उभे राहतात. मी आत्याला घेऊन 'देवळात' जाते. दोन आठवड्यांत तीन पिक्चर झाले. तिकिटं काढताना बघितलं, अर्धी बाल्कनी असल्याच जोडप्यांची! नान्नांना सगळं कळतं, पण देवळातला प्रसाद कुठे आहे असं ते विचारत नाहीत.

काल तुझा लागला.

तुझं नाव आलं बावा. जाड अक्षरात नाही, पण आलं. आत्याने ते वाचून होईपर्यंत पुढचं नाव आलं म्हणून ती ऑपरेटरला शिव्या घालायला उठली, मी पदर धरून बसवली. नान्ना आले नव्हते. आज सकाळी मात्र त्यांनी विचारलं, "नाव होतं का त्याचं?" मी होतं म्हटलं. "बरं" म्हणाले आणि पेपर उलटा धरून वाचत बसले.

वेणीच्या हिसक्याला लोक हसले. गुरांचा डॉक्टर तू काढला नाहीस. घंटेसकट आला. मी बाजूला बघेना. आणि हा माणूस, ज्याच्यावर तू तो बेतलास, सगळ्यांत मोठ्याने हसत होता! म्हशीला नमस्कार घातला तेव्हा तर डोळे पुसायला लागला. मग गच्चीवरचा प्रसंग आला. 'बोल मला लागू दे' हे वाक्य तू हिरोच्या तोंडी घातलंस. तेव्हा हा हसायचा थांबला. अंधारात माझा हात शोधला आणि इंटर्व्हलचे दिवे लागले तरी सोडला नाही. तेवढ्यासाठी तुला माफ केलं, जा.

शेवटी तुझा हिरो घोड्यावरून मांडवात आला. काय त्या शिट्ट्या! आत्यासुद्धा टाळ्या वाजवत होती आणि रडत होती. डॉक्टर माझ्या कानाशी म्हणाले, "अगं, पण हिचं लग्न तर लागलेलं असणार ना आत्तापर्यंत? जिरं-गूळ आधीच झालं असेल."

त्यांना काय माहीत! मी तेच बघत होते. नायिकेचं डोकं मी नीट निरखून पाहिलं. बाशिंग होतं, मोगरा होता, भांगात कुंकू होतं. जिरं-गूळ नव्हतं. तू लिहिलंच नाहीस. माझ्या केसांतलं निघायला तीन वेळा न्हावं लागलं होतं, आणि तिच्या डोक्यावर कणभरसुद्धा ठेवलं नाहीस.

बरं केलंस. तिचा बावा तरी वेळेवर पोचला.

आत्याचा उजवा गुडघा पुन्हा सुजलाय. एकदा येऊन तिला डॉक्टरकडे घेऊन जा. माणसांच्या.

सुवर्चला